ढगळ चड्डीतला हिशेबी माणूस

विरारला सिनेमावाल्याचं घर लाभलं ते तोट्यामुळे. मेहबूब खान यांच्या 'औरत'मध्ये (१९४०) काम केलेले अरुण आहुजा हे त्या काळचे देखणे नट. पुढे त्यांनी पदरचे पैसे घालून एक चित्रपट काढला, तो पडला, आणि बांद्र्याचा कार्टर रोडवरचा बंगला सोडून हे कुटुंब विरारला राहायला आलं. ठुमरीच्या गायिका निर्मलादेवी या त्यांच्या पत्नी, आणि धाकटा मुलगा गोविंदा. हा 'विरार का छोकरा' वसईच्या वर्तक कॉलेजात शिकला, लोकलचे धक्के खात निर्मात्यांचे उंबरे झिजवत राहिला आणि १९८६ साली पडद्यावर आला. पुढचं सगळ्यांना ठाऊक आहे. इथे मला त्याच्या एकाच चित्रपटाशी काम आहे. २००० साली महेश मांजरेकर यांनी त्याला घेऊन 'जिस देश में गंगा रहता है' केला. खेड्यात वाढलेला भोळा पोरगा शहरातल्या श्रीमंत आईबापांकडे परत येतो आणि त्यांच्या दिवाणखान्याची पार गंमत करून टाकतो, अशी ती गोष्ट. ती मुळात मराठीतली. चित्रपट 'एकटा जीव सदाशिव', साल १९७२, आणि सदाशिव म्हणजे दादा कोंडके.

एका निर्मात्याच्या बुडालेल्या पैशामुळे विरारला आलेला मुलगा, आणि ज्याचा पैसा सहसा बुडाला नाही अशा निर्मात्याची गोष्ट पडद्यावर जगणारा तोच मुलगा. हा योगायोग मला फार आवडतो, कारण दादांविषयी जे म्हणायचं आहे ते त्यात नेमकं सापडतं. दादा नट होते, लेखक होते, गीतकार होते, दिग्दर्शक होते. हे सगळे म्हणतात. त्यांच्या द्वयर्थी संवादांवर पन्नास वर्षं वाद चालू आहे. या गोंगाटात त्यांच्यातल्या निर्मात्याकडे कोणी धड पाहिलेलं नाही. माझ्या मते दादा आधी निर्माते होते. तिकीट काढून येणारा माणूस कोण, तो कुठून आला, त्याच्या खिशात किती आहे आणि घरी जाताना त्याला काय हवं आहे, हे त्यांना आधी कळलं. लिहिणं, गाणं, तोंड वेडंवाकडं करणं त्यामागून आलं.

कृष्णा कोंडके यांचा जन्म ८ ऑगस्ट १९३२चा, मुंबईच्या नायगावातला. (वसईकरांनी गोंधळू नये. हे परळ-दादरकडचं नायगाव. भाईंदरची खाडी ओलांडल्यावर लागतं ते, जिथे हल्ली मालिकांचे सेट उभे असतात, ते वेगळं.) घराणं मूळचं पुणे जिल्ह्यातल्या भोरजवळच्या इंगवलीचं. गिरणगावात या घरचं किराण्याचं दुकान होतं, गिरणी कामगारांना भाड्याने दिलेल्या चाळी होत्या आणि बॉम्बे डाइंगशी नातं होतं. म्हणजे गिरणी कामगार कसा जेवतो, कशाला हसतो, उधारी कधी फेडतो आणि पगाराच्या दिवशी कुठे जातो, हे दादांनी लहानपणापासून दुकानाच्या फळीमागून पाहिलेलं. पुढे त्यांनी नोकरी केली तीही अपना बाजारमध्ये. कामगारांच्या ग्राहक सहकारी चळवळीतून उभी राहिलेली ही संस्था, तिथेही समोर गिऱ्हाईक तेच.

याच काळात बँड आणि सेवा दलाची कलापथकं आयुष्यात आली. बँडचा उल्लेख चरित्रकार सहसा एका ओळीत उरकतात. वसईच्या माणसाला तसं करता येत नाही. आमच्याकडच्या लग्नांत बँडवाल्यांचं काम किती अवघड असतं ते आम्ही पाहतो. वऱ्हाडातल्या म्हाताऱ्यांना एक हवं असतं, पोरांना दुसरं, आणि वरात भर रस्त्यात अडलेली असते. कोणत्या घडीला कोणती चाल उचलायची हे वहीत लिहिलेलं नसतं. दादांच्या चित्रपटांत गाणं कुठे येतं ते बारकाईने पाहिलं तर हा बँडवाला ओळखू येतो. प्रसंग जरासा सैल पडला की ढोलकी आलीच. 

खरी शाळा मात्र रंगभूमी. दादांनी स्वतःची नाटक मंडळी उभी केली आणि वसंत सबनीस यांच्याकडे लोकनाट्य मागितलं. सबनीसांनी दिलं ते 'विच्छा माझी पुरी करा', १९६५ सालचं. राजा गावाला जातो, कोतवालाची जागा मोकळी असते, हवालदाराला वाटतं आता आपली पाळी, आणि प्रधान तिथे स्वतःच्या मेव्हण्याला बसवतो. मग हवालदार मैनावतीला हाताशी धरून नव्या कोतवालाचा असा काही बकरा करतो की राजाचा छपरी पलंगच दरबारातून हलतो. बढती हुकलेल्या प्रामाणिक माणसाची ही गोष्ट, आणि बढती हुकलेले लोक प्रेक्षागृहात कधीच कमी नसतात. हवालदार दादा. प्रयोग पंधराशेच्या वर झाले. लोकनाट्यात संहितेला जागोजागी खिडक्या ठेवलेल्या असतात, आणि त्या खिडक्यांतून दादा रोज नवं काहीतरी आत आणत. आजच्या वर्तमानपत्रातला मंत्री, पुढच्या रांगेतला टोपीवाला, गावातली पाण्याची बोंब. सबनीसांचं लेखन पक्कं होतं म्हणूनच ही चैन परवडली, हे विसरता कामा नये. पण पंधराशे रात्री वेगवेगळ्या गावांसमोर एकच विनोद करून पाहणारा माणूस किती शिकत असेल! कुठे हशा येतो, कुठे नुसती खुसखुस, कोणत्या शब्दाला बायका पदर तोंडाला लावतात आणि तरीही उठून जात नाहीत. हल्ली चित्रपट कंपन्या मोजक्या प्रेक्षकांना आगाऊ खेळ दाखवून अंदाज बांधतात. दादांनी तेच काम कित्येक वर्षं केलं आणि वर तिकिटाचे पैसेही घेतले.

आशा भोसले या लोकनाट्याच्या चाहत्या. त्यांनी दादांचं नाव भालजी पेंढारकरांना सुचवलं आणि 'तांबडी माती'तून (१९६९) दादा पडद्यावर आले. त्या चित्रपटाला सर्वोत्कृष्ट मराठी चित्रपटाचा राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. दुसरा कोणी असता तर त्या शिदोरीवर चार-सहा वर्षं दुसऱ्यांच्या चित्रपटांत भूमिका करत राहिला असता. दादांनी लगेच स्वतःचा चित्रपट काढला. 'सोंगाड्या', १९७१. कथा-पटकथा सबनीसांची, दिग्दर्शन गोविंद कुलकर्णी यांचं, संगीत राम कदम यांचं, समोर उषा चव्हाण, शिवाय निळू फुले, गणपत पाटील, आणि आईच्या भूमिकेत रत्नमाला. तमाशाच्या नादाने आईच्या घरातून बाहेर पडलेला नाम्या महाराष्ट्राने पाहिला आणि मग विसरला नाही.

'सोंगाड्या' म्हटलं की दादरच्या कोहिनूर थिएटरची हकिगत येतेच. देव आनंदच्या हिंदी चित्रपटासाठी 'सोंगाड्या'ला जागा नाकारली गेली, दादा बाळासाहेब ठाकरे यांच्याकडे गेले, शिवसैनिक थिएटरवर जमले आणि चित्रपट लागला. ही गोष्ट नेहमी मराठी बाण्याची म्हणून सांगितली जाते, आणि तशी ती आहेही. शिवसेनेशी दादांचं जे नातं जुळलं, पुढे सभांमधून जी भाषणं झाली, त्याचं मूळ इथेच. मला मात्र यात एका नव्या निर्मात्याची अक्कल दिसते. चित्रपट चांगला असून भागत नाही, तो लागावा लागतो. पडदा कोणाच्या हातात आहे, शुक्रवार कोण ठरवतं, हे त्याला पहिल्याच झटक्यात कळलं. प्रभात, राजकमल यांच्या काळात निर्मात्याच्या मागे स्टुडिओ उभा असे. दादांच्या मागे स्टुडिओ नव्हता. त्यांनी दुसरं बळ शोधलं. ते बळ राजकीय होतं, याबद्दल कोणाला नाक मुरडायचं असेल तर मुरडावं. त्या शुक्रवारी नाक मुरडून थिएटर मिळणार नव्हतं.

त्यानंतरची यादी पाठ असणारे वाचक वसईत मला पुष्कळ भेटतात. 'एकटा जीव सदाशिव', 'आंधळा मारतो डोळा' (१९७३), 'पांडू हवालदार' (१९७५), 'तुमचं आमचं जमलं' (१९७६), 'राम राम गंगाराम' (१९७७), 'बोट लावीन तिथं गुदगुल्या' (१९७८), 'ह्योच नवरा पाहिजे' (१९८०), 'आली अंगावर' (१९८२). ओळीने नऊ चित्रपटांचे रौप्यमहोत्सव, म्हणजे प्रत्येकी पंचवीस आठवडे, आणि त्याची गिनीज बुकात नोंद. ही नोंद दादांच्या नावापुढे इतक्यांदा जोडली जाते की आता ती पदवीसारखी झाली आहे. त्यामागची व्यवस्था पाहणं जास्त मजेचं आहे. कामाक्षी पिक्चर्स हे स्वतःचं नाव. नायिका बहुधा उषा चव्हाण. आई म्हणजे रत्नमाला, 'आये' म्हणून हाक मारण्यासाठीच जन्मलेली. पार्श्वगायनाला महेंद्र कपूर आणि उषा मंगेशकर. माणसं तीच, रीत तीच. त्यामुळे सेटवर वेळ वाया जात नाही आणि वेळ म्हणजे निर्मात्याचा पैसा. महेंद्र कपूर यांच्यासारख्या पंजाबी गळ्याकडून गावरान मराठी गाणी गाऊन घेणं हा तर चक्रमपणाच वाटावा, पण तो खणखणीत, उघडा आवाज तंबूतल्या कर्ण्यातूनही शेवटच्या माणसापर्यंत पोचे.

माणसं हेरण्याची नजर वेगळी. 'पांडू हवालदार'चं दिग्दर्शन दादांचंच. त्यासाठी त्यांनी सुरेंद्र आणि विजय पाटील या दोन संगीतकारांना घेतलं आणि त्यांचं बारसं केलं राम-लक्ष्मण. सुरेंद्र लवकर वारले; विजय पाटलांनी मात्र जोडीचं नाव टाकलं नाही आणि त्याच नावाने पुढे 'मैंने प्यार किया' (१९८९), 'हम आपके हैं कौन' (१९९४) यांना संगीत दिलं. म्हणजे राजश्रीच्या सोज्वळ, कौटुंबिक, पूजेच्या ताटातल्या गाण्यांवर नाव आहे ते दादा कोंडके यांनी ठेवलेलं. 'पांडू हवालदार'नेच अशोक सराफ यांनाही घराघरात नेलं. पडद्यावर आपल्याइतकाच हशा घेणारा दुसरा नट उभा करायला नटाचा अहंकार तयार होत नाही. निर्मात्याचा गल्ला तयार होतो.

मराठी माणसाला 'सबकुछ' कलावंतांचं कौतुक फार, आणि तशी परंपराही आहे. फाळके यांनी 'राजा हरिश्चंद्र' (१९१३) केला तेव्हा सगळंच एकट्याने शिकून करावं लागलं. पु. ल. देशपांडे यांनी 'गुळाचा गणपती'त (१९५३) पटकथा, दिग्दर्शन, संगीत आणि प्रमुख भूमिका असं सगळं केलं, पण पैसा दुसऱ्याचा होता. त्यानंतर ते सिनेमात फारसे रमले नाहीत. भगवान पालव, म्हणजे आपले भगवानदादा, यांनी 'अलबेला' (१९५१) काढून देशाला नाचवलं; नंतरच्या चित्रपटांत सगळं गेलं, जुहूचा बंगला गेला, गाड्या गेल्या आणि अखेर दादरच्या चाळीत झाली. हाताशी कला होती, हिशेब हातात राहिला नाही. दूरच्या देशात जायचं तर तुर्कस्तानच्या यिल्माझ ग्युने यांची आठवण येते. तरुणपणी अदानामध्ये चित्रपट वितरकांकडे काम केलेला हा माणूस. लेखक, नट, निर्माता, दिग्दर्शक. देखण्या नायकांच्या गर्दीत रापलेल्या चेहऱ्याचा हा नट आला आणि लोकांनी त्याला 'कुरूप राजा' म्हणून डोक्यावर घेतलं. तुरुंगातून लिहिलेल्या 'योल'ला (१९८२) कान महोत्सवात पाम द'ओर विभागून मिळालं. चित्रीकरण बाहेर शेरीफ ग्योरेन यांनी केलं. ग्युने राजकीय आग ओकणारे, दादा गुदगुल्या करणारे; तुलना फार ताणू नये. दोघांनाही चित्रपट आधी पेटीतून थिएटरात जाणाऱ्या मालाच्या रूपात, किंवा समोर बसलेल्या गर्दीच्या रूपात कळला होता, आणि दोघांनी देखणेपणाची अट मोडली, एवढं साम्य मात्र खरं.

आता द्वयर्थाकडे येऊ. टाळता येणार नाही.

दादांचं सेन्सॉरशी कायम वाजलं. त्यांचा बचाव ठरलेला असे: वाक्यात काही नाही, असेल तर ऐकणाऱ्याच्या डोक्यात आहे. हा बचाव लबाड आहे, तरी त्यात त्यांच्या लेखनाचं वर्म आहे. नाम्या, सदाशिव, गंगाराम ही माणसं भोळी आहेत. ढगळ चट्ट्यापट्ट्याची अर्धी चड्डी, लोंबणारी नाडी, तोंडात 'आये'. ती बोलतात त्याचा दुसरा अर्थ त्यांना स्वतःला कळत नाही, निदान कळल्याचं ती दाखवत नाहीत. प्रेक्षकाला कळतो. म्हणजे पाप प्रेक्षकाचं, निष्पापपणा नायकाचा, आणि त्या दोघांमध्ये जी फट पडते तिच्यातून हसू येतं. हे लिहायला कठीण असतं. शब्द असा निवडावा लागतो की शेतातल्या, गोठ्यातल्या, चुलीपुढच्या कामात तो अगदी सरळ बसेल, ओढूनताणून आणल्यासारखा वाटणार नाही. तमाशातल्या सवाल-जवाबांत आणि बतावणीत ही कारागिरी पिढ्यान्‌पिढ्या होती. दादांनी ती पडद्यावर आणली आणि पांढरपेशा समीक्षकांनी तिला अश्लील ठरवलं. त्याच समीक्षकांच्या पिढीने लावणीला मात्र लोककला म्हणून मानाचं पान दिलं. असो.

पण दादांचा कैवार घेणाऱ्यांनी दुसरी बाजूही मान्य करावी. 'तेरे मेरे बीच में' (१९८४), 'अंधेरी रात में दिया तेरे हाथ में' (१९८६) या हिंदी चित्रपटांत आणि नंतरच्या काही मराठी चित्रपटांत हा भोळेपणा संपला. नायकाला दुसरा अर्थ कळायला लागला. तो डोळा मारायला लागला. एकदा नायकाने डोळा मारला की फट बुजते आणि उरतो तो नुसता चावटपणा, तोही वयस्क माणसाचा. हिंदीत तर अडचण आणखी मोठी. मराठीतले ते शब्द बांधावरचे होते. हिंदीत ते कुठलेच राहिले नाहीत.

बाईच्या चित्रणाचा प्रश्नही उरतोच. उषा चव्हाण यांनी केलेल्या बायका ठसक्याच्या आहेत, त्या उलट उत्तर देतात, बहुतेक वेळा नायकापेक्षा शहाण्या आहेत. ज्या चित्रपटांत नायिका अशी तोडीस तोड आहे तिथे खेळ दोघांचा वाटतो. जिथे ती नुसतीच विनोदाचं निमित्त होते तिथे आज पाहताना अवघडल्यासारखं होतं, आणि 'त्या काळी चालायचं' म्हणून हे अवघडलेपण झटकून टाकू नये.

या विषयावर वसई-विरारमधून का लिहावं, असं कोणी विचारेल. दादांचा प्रेक्षक कुठे गेला, या प्रश्नाचं अर्धं उत्तर इथे आहे म्हणून. १८ जानेवारी १९८२ला दत्ता सामंत यांच्या नेतृत्वाखाली संप सुरू झाला. साठाहून अधिक गिरण्या, सुमारे अडीच लाख कामगार. संप रीतसर कधी मागे घेतलाच गेला नाही. गिरणगाव मात्र हळूहळू रिकामं झालं. कोणी कोकणात, घाटावर गेलं. बरेच जण लोकलच्या शेवटच्या स्थानकांकडे सरकले. नालासोपाऱ्यात, विरारमध्ये वन रूम किचन घेऊन राहिले. जिथे शेती, मिठागरं आणि केळीच्या बागा होत्या तिथे चाळींमागून इमारती आल्या. पुढे २००९मध्ये वसई-विरार महापालिका झाली. 'सोंगाड्या'ला रांगा लावणारा माणूस असाच होता, एक पाय मुंबईत आणि एक गावाकडच्या बांधावर. नाम्याच्या फजितीत त्याला मुंबईला पहिल्यांदा उतरलेला आपला भाऊ दिसे. दादा स्वतः मुंबईत जन्मलेले, तरी त्यांनी जो गावंढळ उभा केला तो या दोन्ही पायांच्या मधला होता. म्हणूनच तो गावात तंबूतही चालला आणि लालबाग-परळमध्येही. गिरणगाव विखुरलं तेव्हा दादांचं राखीव थिएटरच मोडलं. 

त्याच सुमारास हसण्याची चव बदलली. सचिन यांचा 'नवरी मिळे नवऱ्याला' (१९८४), महेश कोठारे यांचा 'धूमधडाका' (१९८५), मग 'अशी ही बनवाबनवी' (१९८८). फ्लॅट, भाड्याची खोली, नोकरी, गैरसमज. या विनोदाच्या मध्यभागी अशोक सराफ, 'पांडू हवालदार'मधलेच. घरोघरी दूरदर्शन आणि व्हिडिओ आले. दादा चित्रपट काढत राहिले, 'पळवापळवी' (१९९०), 'येऊ का घरात' (१९९२), 'सासरचं धोतर' (१९९४), चाललेही काही. १४ मार्च १९९८ला ते गेले. अनिता पाध्ये यांनी शब्दबद्ध केलेलं त्यांचं आत्मकथन 'एकटा जीव' आजही वाचलं जातं, आणि त्यातला माणूस पडद्यावरच्या माणसापेक्षा कितीतरी एकटा आणि सावध आहे. पैशाचा विषय निघाला की त्याचा सूर बदलतो. वाचताना तिथे थांबावं.

जाता जाता वाचकाला एक गृहपाठ देतो. एका संध्याकाळी 'सोंगाड्या' पाहावा, दुसऱ्या संध्याकाळी 'अंधेरी रात में दिया तेरे हाथ में'. संवादांकडे लक्ष देऊ नका. विनोद झाल्यावर नायकाची नजर कुठे जाते तेवढंच पाहा. पहिल्यात ती आयेकडे जाते, नायिकेकडे जाते, कधी नुसती आभाळाकडे. दुसऱ्यात ती आपल्याकडे येते. दुसरा चित्रपट शेवटपर्यंत बघवला नाही तरी हरकत नाही. मलाही बघवला नव्हता.